ओल्या रंगाची साक्ष

"अर्जदार कोण?"

"मी."

"आणि खटला भरायचाय तो कुणावर?"

"तोही माझ्यावरच."

कक्ष अधिकारी हेमांगी तळेकर यांनी चष्मा काढला, पुसला आणि पुन्हा डोळ्यांवर चढवला. मुंबईतल्या त्या सरकारी इमारतीच्या पाचव्या मजल्यावर बसून बावीस वर्षं त्या एकच काम करत होत्या. पोलिसांवर खटला भरायला सरकारनं मंजुरी द्यावी की देऊ नये, याच्या फायली टिपणी लिहून वर पाठवायच्या. मंजुरी मागायला आलेले नातेवाईक, वकील, संघटनावाले त्यांनी खूप पाहिले होते. त्यातले काही रडायचे, काही टेबलावर मूठ आपटायचे. पण माझ्यावरच खटला भरा म्हणत चारशे किलोमीटरवरून आलेला निवृत्त फौजदार त्यांना २०४३ सालापर्यंत भेटला नव्हता.

"कोकरेसाहेब, या अर्जाला संगणकात रकानाच नाही," त्या म्हणाल्या. "हा कायदा तुमच्या रक्षणासाठी आहे. तुम्हीच कसे त्याच्याविरुद्ध येता?"

"रक्षण झालं की सोळा वर्षं," भानुदास कोकरे म्हणाले. "आता पुरे."

कायदा तसा सरळ होता आणि त्यामागचं कारणही खोटं नव्हतं. पोलिसाला रोज कुणा ना कुणाला दुखवावंच लागतं. ज्याला पकडलं तो, ज्याची गाडी उचलली तो, असा प्रत्येक जण उठून कोर्टात गेला तर ठाण्यात बसायला माणूस उरायचा नाही. म्हणून सरकारी नोकरानं कर्तव्य बजावताना, किंवा बजावतोय असं समजून, जे काही केलं त्याची दखल सरकारच्या मंजुरीशिवाय कोर्टानं घ्यायची नाही. सरकारनं नकार दिला की कोर्टाचं दार बंद. पण बंद दारातून आत जाता येत नाही तसं निर्दोष ठरून बाहेरही पडता येत नाही, हे कोकऱ्यांना फार उशिरा कळलं होतं.

तळेकरबाईंना त्या म्हाताऱ्या माणसाची दया आली असावी. त्यांनी आवाज खाली आणला.

"मंजुरी मूळ तक्रारदारानं मागावी लागते. म्हणजे मयताच्या पत्नीनं. त्यांनी सही केली तर निदान त्या कोठडीची भिंत वाचायची परवानगी मी मिळवून देईन. खटल्याचं त्यानंतर बघू, भिंत काय सांगते त्यावर."

कोकऱ्यांनी अर्ज घडी घालून खिशात ठेवला. चारशे किलोमीटर त्यांना काहीच वाटले नव्हते. आता जायचं होतं ते अंतर त्यांच्या घरापासून जेमतेम दोनशे पावलांचं होतं, आणि सोळा वर्षांत ते त्यांना चालता आलं नव्हतं.

*

खडकवाडा हे तालुक्याचं गाव. २०२७ साली कोकरे तिथल्या ठाण्याचे प्रभारी होते आणि दौलत लोखंडे तिथला पेंटर होता. गावातल्या एकूण एक दुकानांच्या पाट्या त्याच्या हातच्या. सराफाच्या दुकानाची पाटी रंगवून तो उतरला आणि तिसऱ्या दिवशी त्या दुकानात चोरी झाली. संशयावरून दौलतला आणून कोठडी नंबर दोनमध्ये बसवलं. एक नंबरची कोठडी मुद्देमालाच्या पोत्यांनी आढ्यापर्यंत भरलेली होती.

दुसऱ्या दिवशी वरच्या साहेबांचं वार्षिक इन्स्पेक्शन होतं. इन्स्पेक्शन म्हणजे काय, ते पोलिसाच्या घरच्यांना विचारावं. आठवडाभर ठाण्यात लगीनघाई असते. दप्तरं लागतात, झाडांच्या बुंध्यांना गेरू लागतो, वर्षभर न दिसलेली जळमटं एकाएकी दिसायला लागतात, आणि भिंतींना रंग चढतो. त्या वेळी सगळं ठाणं रंगवून झालं होतं, राहिली होती दोन नंबरची कोठडी. आणि पेंटर तर आयताच आत बसलेला! कोकऱ्यांनी डबे आणि ब्रश आत दिले. वर पांढरा आणि खाली कमरेपर्यंत राखाडी ऑइलपेंटचा पट्टा, असा सरकारी रंग दौलतनं दुपारी चारपर्यंत पुरा केला. कोठडीतल्या कॅमेऱ्यावर शिंतोडे उडू नयेत म्हणून कोकऱ्यांनी स्वतःच्या हातानं त्याला प्लॅस्टिकची पिशवी बांधली होती.

संध्याकाळी सात वाजता दौलत त्या कोठडीत मेलेला सापडला.

कॅमेऱ्याला पिशवी आणि मयताच्या गुडघ्या-कोपरांना खरचटलेलं, एवढं गावाला पुरेसं होतं. फौजदारानं मारून टाकला. शवविच्छेदनाच्या कागदात श्वास बंद पडल्याचं लिहिलं होतं, पण असले कागद कसे लिहिले जातात ते लोकांना ठाऊक असतं. दौलतची बायको सिंधू कोर्टात गेली. कोर्टानं सरकारला विचारलं. सरकारनं दीड वर्षानं एका ओळीत नकार कळवला आणि कोर्टानं प्रकरण मिटवलं. त्या दिवशी ठाण्यात पेढे वाटले गेले. कोकऱ्यांनीही एक खाल्ला.

त्यांनी दौलतला बोट लावलं नव्हतं. देवाशपथ नव्हतं लावलं. पण सांगणार कुणाला? सरकारनं त्यांना निर्दोष म्हटलंच नव्हतं, नुसती परवानगी नाही म्हटलं होतं. किराणावाला सुटे पैसे हातात न देता काउंटरवर ठेवायला लागला. आणि बारा वर्षांची वैजयंती, त्यांची एकुलती एक लेक, एकदा जेवताना ताटावरून मान वर करून म्हणाली, "बाबा, तुम्ही मारलं त्याला?"

"नाही," ते म्हणाले.

तिनं मान डोलावली आणि भात कालवायला लागली. तिला ते पटलं नव्हतं, हे कोकऱ्यांना तिच्या बोटांवरून कळलं. सत्तावीस वर्षं त्यांनी लोकांची खोटी बोलणी ओळखली होती. आता त्यांचं खरं बोलणं घरात खोटं ठरत होतं आणि त्याला इलाज नव्हता. पुढं ती कोल्हापूरला कॉलेजात शिकवायला लागली. फोन करायची तो आईला.

*

आणि मग नीलोफर काझी यांचा शोध आला.

डॉ. काझी पुण्याच्या. पुलांच्या लोखंडावरचा रंग का सोलतो याचा त्या अभ्यास करत होत्या. रंगाच्या पापुद्र्यावर क्ष-किरणांचा बारीक झोत सोडून त्याच्या आत किती ताण आहे ते मोजायच्या. एका नमुन्यात त्यांना जागोजाग एक चमत्कारिक थरथर गोठलेली दिसली. आधी वाटलं यंत्र बिघडलंय. यंत्र दुरुस्तीला दिलं, परत आणलं, तरी थरथर तिथंच. ती कसली, हे शोधायला त्यांना चार वर्षं लागली. पुलाला रंग दिला त्या दुपारी खालून गेलेल्या बैलांच्या गळ्यातल्या घुंगरांची होती ती.

त्यांचं म्हणणं असं. ऑइलपेंट कपड्यासारखा वाळत नाही. तो हवेतला प्राणवायू घेतो आणि त्याचे कण एकमेकांचे हात धरत जातात. ज्या क्षणी एखाद्या ठिपक्यातल्या कणांनी हात घट्ट धरले, त्या क्षणी भिंत आवाजानं जशी थरथरत होती, तशीच ती थरथर त्या ठिपक्यात कायमची अडकते. त्यानंतर तो ठिपका बहिरा. एका ठिपक्यात एकाच क्षणाचा कण, त्याचा उपयोग शून्य. पण एका भिंतीत असे अब्जावधी ठिपके असतात, आणि प्रत्येक जण आपापल्या वेळेला वाळतो, कुणी आत्ता, कुणी पाव सेकंदानं, कुणी तीन तासांनी. कोट्यवधी माणसांनी एका गाण्यातला एकेक कण तेवढा लक्षात ठेवावा, आणि कुणीतरी त्या सगळ्यांना क्रमानं रांगेत उभं करावं, तसं हे. रांग लावायचं काम संगणक करतो. रांग लागली की भिंत बोलते.

रंग ओला असतो तेवढे तासच भिंतीला कान असतात. आधीचं नाही, नंतरचं नाही. पण तेवढं मात्र ती विसरत नाही.

लोकांना आधी हसू आलं, मग भीती वाटली, आणि मग जे वाटलं त्याला नाव देणं अवघड आहे. आपल्याकडं घर रंगवतात ते लग्नाच्या आधी. त्यामुळं गावोगावच्या भिंतींत लग्नघरं साठलेली निघाली. कुठं पन्नास वर्षांपूर्वीची जात्यावरची ओवी, कुठं रुसलेल्या मावशीची समजूत, कुठं ज्याचा फोटोसुद्धा कुणाकडं नाही अशा आजोबांचं खाकरणं. माणसं भिंतीला कपाळ टेकून रडली. दुसरीकडं शहाण्या मंडळींनी रंग ओला असेतो तोंड बंद ठेवायची शिस्त लावून घेतली. सगळ्यात जास्त हबकली ती पोलीस ठाणी, कारण वर्षाकाठी नेमानं रंगणारी दुसरी सरकारी जागा नाही. इन्स्पेक्शनच्या आधीचा रंग एका झटक्यात बंद झाला आणि फरशा बसवायची टूम निघाली. सरकारनंही परिपत्रक काढलं की ज्या प्रकरणात खटल्याला मंजुरी लागते, त्यातली भिंत वाचायलाही मंजुरी लागेल.

कोकऱ्यांनी ते परिपत्रक वर्तमानपत्रात वाचलं. खडकवाड्याचं ठाणं केव्हाच नव्या इमारतीत गेलं होतं, जुनी इमारत कुलुपात होती, आणि दोन नंबरच्या कोठडीला दौलतनंतर कुणी ब्रश लावलेला नव्हता. त्यांच्या हातातला चहा गार झाला. त्यांचा एक साक्षीदार सोळा वर्षं गावातच उभा होता!

"अहो, कशाला उकरून काढता?" त्यांची बायको सुलभा म्हणाली. "झालं ते झालं. पेन्शन चालू आहे."

"वैजूला ऐकवायचंय," ते म्हणाले. सुलभाबाईंनी गार झालेला चहा उचलून नेला.

*

दौलत आर्ट्सच्या पाटीवर दौलतचं नाव तसंच होतं, पण आता पाट्या सिंधू रंगवायची. छापील फलकांच्या जमान्यातही तिच्याकडं काम असायचं, कारण तिच्या अक्षराला वळण होतं. कोकरे दुकानाच्या पायरीशी उभे राहिले. तिनं ब्रश थांबवला नाही.

"सही पाहिजे तुमची," ते म्हणाले, आणि उभ्याउभ्याच सगळं सांगितलं.

सिंधूनं एक अक्षर पुरं केलं. मग म्हणाली, "तुमच्यावर खटला भराया तुमीच माजी सही मागताय. सोळा वर्सं मी मागत हुते तवा कुटं हुता?"

"तेव्हा मला वाटलं, सुटलो."

"आन् आता?"

"आता वाटतं, अडकलोय."

ती पहिल्यांदा वळली. "भित्तीनं सांगितलं तुमीच मारलं, तर?"

"तर जेलात जाईन. पण मी मारलेलं नाही, सिंधूताई."

"ताई म्हनू नका मला." तिनं अर्ज घेतला, वाचला, पुन्हा वाचला. "आन् न्हाई मारलं असं निगालं, तर काय पायजे तुमाला माज्याकडून?"

कोकऱ्यांना वाटलं होतं की उत्तर आपल्याकडं तयार आहे. प्रत्यक्षात निघालं ते फार छोटं होतं. "रस्त्यात दिसलो तर तोंड फिरवू नका. एवढंच."

तिनं सही केली. बोटाला लाल रंग होता, तो अर्जावर लागला. "एक सांगते," ती म्हणाली. "मला न्याय-बिय काय मिळायचा न्हाई, मला ठाव हाय. पर त्याचा आवाज त्यात असंल ना? त्याचा आवाज माज्या लक्षातच न्हाई ऱ्हायला ओ. चेहरा हाय, आवाज न्हाई."

*

तळेकरबाईंनी शब्द पाळला. सव्वा महिन्यानं परवानगी आली. जुन्या ठाण्याचं कुलूप निघालं, आणि चौथ्या सकाळी सगळे कोठडीत जमले. डॉ. काझी, त्यांचे दोन सहकारी, भिंतीवरून रुळावर सरकणारं ते यंत्र आणि पंचनाम्यासाठी दोन पंच. आवाजाचा पंचनामा कसा लिहायचा हे पंचांना ठाऊक नव्हतं, पण ते पेन सरसावून बसले होते. वैजयंती कोल्हापूरहून आली होती. वडिलांपासून चार हात दूर, आईसारखाच पदर मुठीत धरून ती उभी होती.

यंत्रानं तीन दिवस भिंत वाचली होती. आज ती ऐकायची होती.

"आवाज फार स्वच्छ येईल," डॉ. काझी म्हणाल्या. "लोकांची तयारी नसते त्याची. कुणाला बाहेर जायचं असेल तर आधीच सांगा."

मग त्यांनी कळ दाबली.

आधी खसखस ऐकू आली. सगळ्यांना ती ओळखीची वाटत होती पण कशाची ते कळेना. सिंधूला कळलं. "ब्रश," ती पुटपुटली. खाली-वर, खाली-वर. ब्रशचा आवाज, आणि त्याबरोबर कुणीतरी तोंडातल्या तोंडात गुणगुणत होतं. गाणं असं नव्हतंच ते. कामात असलेला माणूस स्वतःपाशी जे गुणगुणतो, ते.

सिंधू एक पाऊल पुढं आली. तिनं दोन्ही हात पुढं केले, समोर कुणी उभं असल्यासारखे.

"हवालदार, भित्तीला टेकू नगा," दौलत म्हणाला. अगदी शेजारून म्हणाला. "पाट राखाडी हुईल. साहेब म्हनतील, ह्येच्याबी कमरंला पट्टा वडलाय."

कुणीतरी हसलं, सोळा वर्षांपूर्वी. ते पहाऱ्यावरचे वाघमोडे हवालदार, तेही आता नव्हते. दोन मेलेली माणसं एका बारीकशा विनोदाला हसत होती आणि जिवंत माणसं अंगावर काटा येऊन ऐकत होती. एका पंचानं टोपी काढली. कोकरे आयुष्यात फार देव देव करणारे नव्हते, पण त्यांचे हात आपसूक जोडले गेले. केवढी ही गोष्ट! चुन्या-विटांची, सरकारी राखाडी रंगाची भिंत, आणि तिनं एका माणसाची दुपार जशीच्या तशी जपून ठेवली होती.

मग बुटांचा आवाज आला.

"दौलत, पट्टा सरळ आलाय ना? उद्या साहेबांची नजर आधी तिथंच जाणार."

कोकऱ्यांनी स्वतःचा आवाज ओळखला. केवढा तरुण, केवढा कामात.

"दोरी लावून बगा, साहेब," दौलत म्हणाला. सिंधू हसली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती हसत होती.

तासाभराचा आवाज असाच गेला. मारहाण नाही, शिवी नाही. कोकऱ्यांनी हळूच वैजयंतीकडं पाहिलं. ती त्यांच्याकडंच पाहत होती आणि तिच्या चेहऱ्यावर काहीतरी सैल होत होतं. ती दोन पावलं जवळ सरकली. सोळा वर्षांत ते सुख पहिल्यांदा त्यांच्या वाट्याला येत होतं.

तेवढ्यात भिंतीतून त्यांचाच आवाज पुन्हा आला, जाता जाता बोलल्यासारखा.

"वाघमोडे, झरोक्याला कागद चिकटवा. आणि बाहेरचं लाकडी दार लावून घ्या. मैदानात ट्रॅक्टर फिरतायत, सगळी धूळ ओल्या रंगावर बसेल. मी सांगेपर्यंत उघडायचं नाही."

"जी साहेब."

कागद फाटल्याचा आवाज. दाराची करकर. मग सगळे आवाज एकदम जाड आणि जवळचे झाले, डबा बंद केल्यासारखे.

थोड्या वेळानं दौलत खोकला. आणखी थोड्या वेळानं पुन्हा. "हवालदार, दार उगडा जरा. वास लई मारतोय. मला दम्याचं हाय."

बाहेरून, लांबून: "साहेबांनी सांगितलंय, उघडायचं नाही. थोडी कळ काढ."

"साहेबांस्नी इचारा की."

"साहेब कामात आहेत."

खोकला वाढत गेला. काहीतरी घसटत दाराकडं गेलं, पुन्हा परत आलं. गुडघे आणि कोपरं. मग भिंतीच्या अगदी लगत, पट्ट्याच्या उंचीवर, शिट्टीसारखा श्वास ऐकू यायला लागला, आत-बाहेर, आत-बाहेर. त्याच्या खाली बाहेरचं ठाणं ऐकू येत होतं. टेबलं सरकत होती. "चहा आला का रे?" असं कोकरे विचारत होते.

मग श्वास ऐकू येईना. पंचनाम्याला सगळंच लागणार म्हणून डॉ. काझींनी यंत्र बंद केलं नाही. भिंत ऐकत राहिली होती. चिमण्या, टेलिफोन, ट्रॅक्टर. रंग वाळेपर्यंत तिनं ते रिकामेपणसुद्धा निगुतीनं ठेवलं होतं.

सगळ्यात शेवटी दार करकरलं आणि कोकऱ्यांचा आवाज म्हणाला, "बघू, वाळला का रंग?"

*

बाहेर कडुनिंबाखाली कोकरे बसले. वैजयंती त्यांच्याजवळ आली.

"बाबा," ती म्हणाली, "तुम्ही मारलं नव्हतंत त्याला. तुम्ही तेव्हा खरंच सांगितलं होतं."

"मला ते वाक्य आठवत नाही गं," कोकरे म्हणाले. "धुळीचं. आत्ता ऐकलं तरी आठवत नाही. बोललो आणि विसरलो. सोळा वर्षं मी कॅमेऱ्याचं आठवतोय, त्याच्या गुडघ्यांचं आठवतोय. आणि सगळ्यांना सांगत आलोय की सात वाजता मी आरोपीला बघायला गेलो. मी रंग बघायला गेलो होतो, वैजू."

तिनं त्यांचा हात हातात घेतला. त्यांना हवं होतं ते मिळालं होतं, लेक जवळ बसली होती, आणि तो हात आपला नाहीच असं त्यांना वाटत होतं.

सिंधू सगळ्यांत शेवटी बाहेर आली. ती त्यांच्यासमोरून गेली. तिनं तोंड फिरवलं नाही. नुसतं पाहिलं, आणि ते सोसण्यापेक्षा तोंड फिरवलेलं परवडलं असतं.

कोकऱ्यांनी त्याच आठवड्यात तिच्या अर्जाला आपलं निवेदन जोडलं आणि पुन्हा पाचवा मजला गाठला. तळेकरबाईंनी भिंतीचा उतारा वाचला होता. त्यांचे डोळे लाल होते.

"कोकरेसाहेब, मी तुम्हाला खोटी आशा दाखवत नाही," त्या म्हणाल्या. "मारहाण निघाली असती तर मंजुरी मिळण्याचा संभव होता. मारणं हे कर्तव्य नाही असं म्हणता आलं असतं. पण इन्स्पेक्शनसाठी ठाणं तयार करणं, दार लावायला सांगणं... यापेक्षा जास्त सरकारी काम कुठलं असणार? तुमच्या संरक्षणाला आता कुठं फटच राहिली नाही."

"बाई, कोठडीतला माणूस जिवंत ठेवणं हे माझं कर्तव्य होतं. भिंत चांगली दिसणं नव्हतं."

"हे मी टिपणीत लिहिते," त्या म्हणाल्या. "शब्दशः लिहिते. वरचे वाचतील की नाही ते माहीत नाही."

त्यांनी लिहिलं. दोन महिन्यांनी उत्तर आलं. सदर कृती कर्तव्याच्या ओघात घडलेली असल्याने अभियोगास मंजुरी नाकारण्यात येत आहे. वरच्या कोर्टात जायची वाट उरली होती. वैजयंतीनं वकील गाठला. वकील म्हणाला, पाच-सहा वर्षं धरून चाला. कोकऱ्यांचं वय बहात्तर होतं.

या वेळी कुणी पेढे आणले नाहीत. नकाराचं पत्र घेऊन ते दौलत आर्ट्सकडं निघाले, आणि वैजयंती त्यांच्याबरोबर चालत गेली. भरदुपार होती. रस्त्यावर ट्रॅक्टर फुफाटा उडवत चालले होते.

सिंधूच्या हातात टपालानं आलेली तिची प्रत होतीच. "वाचलं," ती म्हणाली. "कोरटात तुमी बोलू शकत न्हाई."

"नाही."

"गुन्हा कबूल करतो म्हनला, तरी?"

"तरी ते ऐकू शकत नाहीत."

ती बाजूला झाली. तेव्हा कोकऱ्यांना दुकानाची मागची भिंत दिसली. पाट्या, डबे, कॅलेंडर, सगळं उतरवून ती मोकळी केलेली होती. वर पांढरा, खाली कमरेपर्यंत राखाडी पट्टा, दोरी लावल्यासारखा सरळ. उन्हाच्या तिरपीत तो पट्टा ओला चमकत होता. ब्रश अजून डब्यात उभा होता.

"आत्ताच हात फिरवलाय," सिंधू म्हणाली. "तीन-चार तास हायत. कोरटात जे बोलनार हुता, ते हितं बोला. सगळं. माज्यामागं गावातल्या पोराबाळांस्नी ऐकाया ऱ्हाईल."

कोकऱ्यांनी चपला काढल्या. भिंतीसमोर ते असे उभे राहिले, जसे आयुष्यभर साहेबांसमोर राहिले होते, ताठ, हात शिवणीला लावून. बाहेरून एक ट्रॅक्टर गेला आणि धुळीचा लोट दुकानाच्या तोंडाशी आला. सवयीनं वैजयंतीचा हात शटरकडं गेला.

"असू दे, उघडं असू दे," कोकरे म्हणाले.

"धूळ बसंल रंगावर," सिंधू म्हणाली. ती त्यांच्याकडं एकटक पाहत होती.

"बसू दे."

धूळ आत आली आणि ओल्या पट्ट्यावर हळूहळू बसायला लागली. कोकऱ्यांनी छातीभर श्वास घेतला, भिंतीकडं तोंड केलं आणि आपलं पूर्ण नाव सांगितलं.